मागच्या जागेचा तोंडी व्यवहार

सोमवार, ३ फेब्रुवारी

वकिलांनी आज पुन्हा विचारलं, "बाई, त्यांच्या हातची एखादी चिठ्ठी? पावती? काहीच नाही?" दीड वर्षात हा प्रश्न त्यांनी वीसेक वेळा तरी विचारला असेल. मी नाही म्हणते आणि ते चष्मा काढून डोळे चोळतात. त्यांच्या कचेरीतल्या अशिलाच्या खुर्चीचा एक पाय आखूड आहे. माणूस डुलतच आपली कैफियत सांगतो. मी मुद्दाम टेबलाला रेलून बसते.

चौतीस वर्षं मी न्यायालयात लघुलेखक होते. साक्षीदार बोलायचे, न्यायाधीश सांगायचे आणि मी उतरवून घ्यायचे. तोंडी व्यवहार करून नंतर ऊर बडवणारी किती माणसं पाहिली त्याला गणती नाही. दर वेळी मनात यायचं, एक ओळ लिहून घ्यायला यांचं काय जात होतं? आता मीच वादी आहे. आणि व्यवहार केला कोणाशी, तर शेजारच्या निवृत्त नकाशाकाराशी. पाणीपुरवठ्याच्या कचेरीत त्यांनी जन्मभर रेघा ओढल्या. मी त्यांना नकाशेवाले म्हणायचे, ते मला स्टेनोबाई. दोघांची हयात कागदावर गेली आणि दोघांत मिळून कागदाचा एक कपटा नाही.

हकीगत एकदा नीट लिहून काढते, उलटतपासाला बरी पडेल. माझ्या स्वयंपाकघरामागे बारा फूट बाय चाळीस फुटांची त्यांची मोकळी जागा होती, मध्ये भिंत. चार वर्षांपूर्वी ऑक्टोबरातल्या एका रविवारी माझ्या घरी बसून त्यांनी ती मला विकायचं कबूल केलं. किंमतही सांगितली. पुढच्याच आठवड्यात त्यांनी गवंडी बोलावून स्वतःच्या खर्चाने भिंतीला दार काढून दिलं. लिंबू आणि पेरू मी लावले, खुर्च्या मी टाकल्या. ताबा माझा, याबद्दल शंका नको. रोज साडेपाचला ते त्या दारातून यायचे, जागा कशी ठेवली आहे ते पाहायला. पैसे देऊ केले की म्हणायचे, राहू द्या तुमच्याकडे. कागदाचं काढलं की म्हणायचे, "कागद झाला की मला इकडे यायला कारण काय उरणार?" मोठे थट्टेखोर होते.

दोन वर्षांपूर्वी ते गेले. मुलगी परगावी असते. ती म्हणते, असा काही व्यवहार झाल्याचं तिला माहीत नाही आणि सगळी मालमत्ता ती एका कंत्राटदाराला देणार आहे. माझ्या लिंबावर गाड्या उभ्या राहतील आणि खिडकीसमोर दोन हातांवर भिंत येईल. म्हणून दावा लावला. लहानपणी हीच मुलगी मला मावशी म्हणायची. दाव्यात ती प्रतिवादी आहे.

मंगळवार, ४ फेब्रुवारी

भावाचा फोन आला. म्हणाला, "ताई, सोडून दे ना. या वयात बारा फुटांसाठी कशाला जिवाला त्रास?" मी म्हटलं, बारा बाय चाळीस. तो म्हणाला, "आमच्याकडे येऊन राहा चार दिवस." चार दिवस म्हटलं की तो चारच मोजतो, म्हणून गेले नाही.

दिवसभरात एवढंच बोलणं झालं.

गुरुवार, १३ फेब्रुवारी

आज माझी साक्ष झाली. पिंजऱ्यातून ती खोली इतकी लांबलचक दिसते हे मला ठाऊक नव्हतं. माझ्या जागेवर आता एक तरुण मुलगी बसते. तिला त्रास नको म्हणून मी सावकाश, शब्द सुटे करून बोलत होते आणि एका ठिकाणी तोंडातून "स्वल्पविराम" निघून गेला. न्यायाधीश हसले. म्हणाले, "बाई, आज तुम्ही फक्त बोला. लिहायचं काम तिचं आहे." मुलगी लाजली. मला बरं वाटलं. सकाळपासून कोणीतरी आपणहून बोललं होतं.

मग नकाशेवाल्यांच्या मुलीचे वकील उठले. उंच, गोड बोलणारे. चार वर्षांपूर्वीचं बोलणं मला शब्दशः आठवतं काय, असं विचारलं. मी म्हटलं, माझा शब्द चुकत नाही, तोच माझा धंदा होता. ते म्हणाले, "म्हणजे सगळी भिस्त तुमच्या आठवणीवर." ते 'आठवणीवर' असं काही म्हणाले की माझं डोकं फिरलं. मी म्हटलं, "नुसत्या आठवणीवर का? त्या दिवशीची माझी वही आहे."

सगळे माझ्याकडे पाहायला लागले. माझ्या वकिलांनी कपाळावर हात मारून घेतला. न्यायाधीशांनी सांगितलं, पुढच्या तारखेला वही आणा आणि ते पान वाचून दाखवा.

बाहेर आल्यावर वकील जवळजवळ ओरडलेच, "दीड वर्ष मी घसा कोरडा करतोय आणि तुमच्याकडे वही आहे?"

"तुम्ही त्यांच्या हातचं काही आहे का विचारलंत. ही माझ्या हातची आहे."

विचारलं तेवढंच उत्तर द्यायचं, हे वकिलांनी हजारो साक्षीदारांना सांगितलेलं मी ऐकलंय. त्यात माझं काय चुकलं? पण वकिलांचा चेहरा पाहून पुढे बोलले नाही. थोड्या वेळाने ते खुशीत आले. त्याच दिवशी लिहिलेली नोंद म्हणजे सोनंच, म्हणाले. त्यात किंमत असली की आपण जिंकलो.

नकाशेवाल्यांची मुलगी वऱ्हांड्यात एकटीच उभी होती. वडिलांसारखीच एका पायावर भार टाकून उभी राहते. मी तिच्या बाजूने न जाता लांबच्या जिन्याने उतरले.

शनिवार, १५ फेब्रुवारी

वह्या माळ्यावर होत्या. नोकरी लागल्यापासून मी रोजनिशी लघुलिपीत ठेवायचे. सवय म्हणून आणि आई उघडून पाहायची म्हणूनही. आई गेल्यावर पाहणारं कोणी नव्हतं, तरी लिपी तीच राहिली. इतक्या वर्षांत तिला माझी इतकी वळणं पडलीत की त्या टेबलावरच्या मुलीलाही ती वाचता यायची नाही.

ऑक्टोबरचं ते पान सापडलं. पानभर मजकूर आहे. दोनदा वाचला. मग चष्मा पुसून पुन्हा वाचला.

किंमत नाही.

जागेबद्दल एवढंच आहे: "जागेचं ठरलं." आकडा नाही, मुदत नाही, लांबी-रुंदी नाही. बाकी सगळं भलतंच लिहून ठेवलंय. पुढची आठ पानं चाळली. त्यातही आकडा नाही.

पण मी तर शपथेवर सांगितलंय की त्यांनी किंमत सांगितली. मला त्यांचा आवाज ऐकू येतो ती सांगताना. आता वाटतं, आकडा माझ्याच मनातला असावा. मनात घोळवून घोळवून त्याला त्यांचा आवाज लागला असेल. चौतीस वर्षं दुसऱ्यांचे शब्द काना-मात्रेसकट उतरवले आणि स्वतःच्या वेळेला ही तऱ्हा. जेवले नाही.

रविवार, १६ फेब्रुवारी

खरं ते लिहिते, इथे कोणाला लपवू?

"ठरलं" या खुणेनंतर ओळीत दोन बोटं जागा रिकामी आहे. लघुलिपीत रक्कम लिहायला त्याच्या निम्मी जागा पुरते. एक वळण आणि एक टिंब. तेव्हाची पेन्सिलही आहे, मी पेन्सिली टाकत नाही. कोणाला कळणार? आणि मुळात लिहायचीही गरज नाही. वाचताना आकडा नुसता बोलले तरी झालं. ती लिपी वाचणारी जगात मी एकटी आहे.

सकाळी दहाला पेन्सिलीला टोक करून बसले. बाराला उठले. मधल्या वेळात मागे जाऊन लिंबाला पाणी घालून आले. त्याला या वर्षी पहिल्यांदा फळ धरलंय. आपल्या मालकीवरून एवढी धावपळ चाललीय याचं त्याला काही नाही.

लिहिलं नाही अजून. पण पेन्सिल टेबलावरून उचलून ठेवलीही नाही.

गुरुवार, २० फेब्रुवारी

गवंडी कामाला लांब जाणार म्हणून त्याची साक्ष मधेच घेतली. आमचा एकमेव स्वतंत्र साक्षीदार. वकिलांनी विचारलं, दार कशासाठी काढायला सांगितलं? म्हणजे त्याने म्हणावं, जागा बाईंना विकली म्हणून.

गवंडी म्हणाला, "साहेब, ते म्हणाले, बाईंना चक्कर मारून यावं लागतं, आणि मलाही गुडघ्यानं लांब चालवत नाही. तर येता-जाता बरं पडेल असं एक दार काढ. पावसानं फुगणार नाही असं लाकूड घाल म्हणाले. आणि कडी लावू का विचारलं तर म्हणाले, कडी नको."

"विक्रीबद्दल काही बोलले?"

"नाही बा. दोन दिवस माझ्या डोक्यावर उभे होते. घाई करत होते नुसती. रंग कुठला देऊ विचारलं तर म्हणाले, त्यांना विचारून ये."

घात केला या माणसाने. कडीबिडीचं कोणी विचारलं होतं? वकील चिडून फायलीवर पेनाने टकटक करत होते. नकाशेवाल्यांची मुलगी मात्र गवंड्याकडे पाहायचं सोडून माझ्याकडेच पाहत होती. इतका वेळ की मीच मान खाली घातली. तिला आनंद झाला असणार, तिची बाजू भक्कम झाली.

आता सगळं त्या पानावर आलं.

शुक्रवार, २८ फेब्रुवारी

झालं एकदाचं.

पिंजऱ्यात उभी राहिले, वही उघडली. पान काल रात्री जसं होतं तसंच होतं. मी त्याला हात लावला नव्हता. पण तोंडाने काय म्हणणार ते मला त्या क्षणापर्यंत खरंच माहीत नव्हतं. टेबलावरच्या मुलीने बोटं तयार ठेवली आणि माझ्याकडे पाहिलं. त्या खुर्चीवरून मी किती लबाड साक्षीदार पाहिले! त्यांच्यासारखं तिने माझ्याकडे पाहावं हे मला सहन झालं नसतं. म्हणून होतं ते वाचलं. सगळं. वाक्य गाळणं माझ्या हातून झालं नसतं.

"रविवार. दुपारी नकाशेवाले आले. नवा चष्मा. घुबडासारखे दिसता म्हटलं तर खूप हसले. या घरात किती दिवसांनी कोणी हसलं. खोकला अजून आहे. मागच्या जागेचं विचारलं. म्हणाले, घ्या की, मला एकट्याला काय करायची. मी म्हटलं, मी तरी एकटीच. म्हणाले, तिथे ठेवणार काय? म्हटलं, खुर्ची. म्हणाले, दोन ठेवा. जागेचं ठरलं. ते गेल्यावर कप विसळले नाहीत. तसेच राहू दिले."

वाचताना आवाज फाटला. साठी उलटलेल्या बाईने भर न्यायालयात कप विसळले नाहीत म्हणून सांगायचं! मागच्या बाकावर कोणीतरी खाकरलं. उंच वकील उलटतपासाला उठले, अशिलाकडे वळून पाहिलं आणि खाली बसले. मुलीने त्यांची बाही धरली होती.

न्यायाधीशांनी टंकायला सांगितलं: "साक्षीदाराने वहीतील नोंद वाचून दाखवली. नोंदीत किमतीचा उल्लेख नाही." टेबलावरच्या मुलीने टंकलं. बरोबर आहे. मीही तेवढंच घेतलं असतं.

वकील माझ्याशी न बोलता निघून गेले. मी चालत घरी आले. घरी येऊन कोणाला सांगायचं तर कोणी नव्हतं, तेव्हा कळलं की हे सगळं मी ज्यांना सांगितलं असतं ते साडेपाचला यायचे.

सोमवार, ७ एप्रिल

दावा फेटाळला. "कराराच्या अटी निश्चित असल्याचे वादी सिद्ध करू शकली नाही." निकाल सुबक लिहिलाय, एक शब्द जास्त नाही. अपिलाला तीस दिवस आहेत.

रविवार, १३ एप्रिल

सकाळी दार वाजलं. नकाशेवाल्यांची मुलगी. हातात नकाशे ठेवायची पत्र्याची नळी. दारातच म्हणाली, "मावशी, आत येऊ?" मी चहा टाकायला गेले.

ती मागच्या खोलीत न विचारता जाऊन बसली. म्हणाली, "बाबांचं सामान आवरताना मिळालं. तुमच्या हाती द्यायचं की नाही, दोन दिवस विचार केला. पण ते तुमचंच आहे."

पारदर्शक कागदावरचा नकाशा. अक्षर त्यांचं, शंकाच नाही. कोपऱ्यात तारीख, त्या रविवारनंतरचा सोमवार. माझं घर, त्यांचं घर, मधली जागा. जागेत दोन छोटे चौकोन, खुर्च्यांचे. शेजारी एक गोल, झाडाचा. तेव्हा झाड लावलंही नव्हतं. वर शीर्षक: "राहते घर. प्रमाण एकास शंभर." कोणाचं घर ते लिहिलेलं नाही. आणि दोन्ही घरांच्या मध्ये भिंत नाही, दार नाही, रेघसुद्धा नाही. बाहेरून एकच रेघ सगळ्याला फिरवलेली.

मी म्हटलं, "एवढा पक्का माणूस आणि हद्द काढायलाच विसरले बघ. म्हणून तर हे भोगावं लागलं."

तिने त्या बाहेरच्या रेघेवरून बोट फिरवलं. "विसरले नाहीत, मावशी," म्हणाली. मग कप हातात फिरवत बसली. म्हणाली, "मी आठवड्यातून एकदा फोन करायचे. विचारायचे, एकटे कंटाळत नाही ना? म्हणायचे, नाही, संध्याकाळी मला काम असतं. मला वाटायचं, माझी समजूत घालतायत."

कंत्राटदाराशी तिचा करार होऊन चुकलाय. तरी जाताना म्हणाली, "अपिलात हा कागद द्यायचा असेल तर द्या. मी खोटा म्हणणार नाही." दारातून वळून पाया पडली. मला तिच्या डोक्यावर हात ठेवायचं सुचायच्या आत ती उठलीही.

सोमवार, २१ एप्रिल

वकिलांना फोनवर नकाशाचं सांगितलं तर ते हर्षाने खुर्चीतून उठलेच असावेत. "त्यांच्या हातचा कागद! तारखेसकट! बाई, आधी घेऊन या." निकाल फिरवायला हा एक कागद बस, म्हणाले.

घेऊन गेले. ते आत दुसऱ्या अशिलाबरोबर होते. मी त्या डुलत्या खुर्चीत नळी मांडीवर घेऊन बसले. अपिलात या कागदाचं काय होईल ते मनात घोकत होते. पुरावा म्हणून याला क्रमांक पडेल. उंच वकील तो उजेडात धरतील आणि विचारतील, बाई, हे दोन चौकोन कसले? आणि मी सांगायचं, खुर्च्या. कोणाच्या? आणि मध्ये हद्द का नाही? इथे मी अडले. हद्द का नाही याचं उत्तर तयार करायला लागले. लिंबाचा गोल आठवला, न लावलेल्या. कडी नको म्हटलेलं ते दार आठवलं. घाई करत दोन दिवस गवंड्याच्या डोक्यावर उभे असलेले ते, गुडघेदुखी असताना.

वकिलांनी आतून हाक मारली असेल तेव्हा मी रस्त्यावर होते. जिना कशी उतरले ते आठवत नाही. घरी पोचेपर्यंत रडत होते. लोक पाहत होते, पाहू देत.

बुधवार, ७ मे

अपिलाचा आज शेवटचा दिवस. वकिलांचे तीन फोन. तिसऱ्यांदा उचलला.

"बाई, पाचला कचेरी बंद होते. कागद कुठाय?"

"नाही कागद."

"अहो, मुलीने दिलेला नकाशा!"

"तो जागेचा नाही."

"मग कशाचा आहे?"

"खासगी आहे."

ते म्हणाले, "जागा जाईल तुमची." मी म्हटलं, हो. त्यांची फी उद्या पोचती करते म्हणून सांगितलं. भला माणूस आहे, रागावला नाही.

कंत्राटदाराची माणसं सोमवारी येणार आहेत. लिंबं उतरवून ठेवली. एवढ्या लिंबांचं एकटीने काय करायचं कळत नाही.

आम्हा दोघांत ठरलं होतं हे खरं आहे, ते कोणी काही म्हणो. काय ठरलं होतं तेच मला कळलं नव्हतं. ते दोन वर्षं रोज साडेपाचला येऊन वाट पाहत बसायचे, आणि मी त्यांच्यासमोर बसून कागद कधी करायचा म्हणून विचारत राहिले. मग ते गेले आणि मी न्यायालयात जाऊन शपथेवर सांगितलं की ती विक्री होती.